कोझिकोडची रद्द झालेली संध्याकाळ

नोव्हेंबर २०२२. केरळातल्या कोझिकोड शहरातल्या एका मोठ्या मॉलमध्ये ‘नल्ल समयम’ या मल्याळम चित्रपटाच्या ट्रेलरचा कार्यक्रम ठरला होता. दिग्दर्शक ओमर लुलू. प्रमुख पाहुणी शकीला, २००० च्या सुमारास ‘ए’ सर्टिफिकेटच्या मल्याळम सिनेमांमुळे गाजलेली नटी. जाहिरात झाली, लोकांना कळलं, आणि ऐनवेळी मॉलकडून निरोप आला की हा कार्यक्रम इथं होऊ शकत नाही. कारण सुरक्षेचं सांगितलं गेलं. शकीला येणार म्हणजे गर्दी होणार आणि ती आवरता येणार नाही. दिग्दर्शकाच्या सांगण्यानुसार, त्या नसतील तर कार्यक्रमाला हरकत नाही, असंही मॉलच्या बाजूनं कळवण्यात आलं. त्यांच्याशिवाय कार्यक्रम करायचा नाही असं त्यानं ठरवलं आणि तो रद्द झाला. मग दोघांनी मिळून एक व्हिडिओ टाकला. त्यात शकीला यांनी सांगितलं की असं त्यांच्या बाबतीत पहिल्यांदा घडत नाहीये. हे स्थान मला तुम्हीच दिलंत आणि मान द्यायची वेळ आली की तो मिळत नाही, असा त्यांच्या बोलण्याचा आशय होता.

बातमी दोन-तीन दिवस चालली आणि विरली. दक्षिणेतल्या स्वस्तातल्या ‘ए’ सर्टिफिकेटच्या सिनेमांचा आणि त्यात काम केलेल्या बायकांचा विषय निघाला की मला मात्र याच संध्याकाळीकडे परत यावंसं वाटतं. त्या सिनेमांनी मागे काय ठेवलं आणि ते कुणाच्या पदरात टाकलं, ते इथं एका प्रसंगात उघडं पडलेलं आहे.

आधी त्या लाटेविषयी

मल्याळम सिनेमात शरीरसंबंधांचा विषय नवा नव्हता. १९७८ साली आय. व्ही. शशी यांचा ‘अवळुडे रावुकळ’ आला. वेश्याव्यवसायातल्या मुलीची ती गंभीर कथा होती, सीमा या नटीला तिनं उभं केलं. पण केरळाबाहेर हा सिनेमा विकला गेला तो पोस्टरवरच्या चित्रामुळे. १९८८ मध्ये ‘आदिपापम’ आला, १९८९ मध्ये सिल्क स्मिता यांचा ‘लयनम’, जो हिंदीत डब होऊन ‘रेश्मा की जवानी’ या नावानं देशभर फिरला. थोडक्या पैशात सिनेमा काढून भरपूर कमावता येतं, हे निर्मात्यांना त्या दोन वर्षांत कळलं.

खरी लाट आली ती २००० साली, ‘किन्नारत्तुंबिकळ’नं. त्या सुमारास मोठ्या नटांचे महागडे सिनेमे पाठोपाठ पडत होते. छोट्या गावांतली थिएटरं, ज्यांना धंद्यात ‘बी’ आणि ‘सी’ क्लास म्हणत, रिकामी पडायला लागली होती. तिथं नव्या प्रिंटा उशिरा पोचायच्या आणि पोचेपर्यंत सिनेमा जुना झालेला असायचा. थिएटर चालू ठेवायचं तर रोजचा गल्ला हवा. तो गल्ला शकीलाच्या सिनेमांनी दिला. केरळात या लाटेला तिच्याच नावानं ‘शकीला तरंगम’ म्हणतात. दुपारच्या खेळाला लागणाऱ्या सिनेमांना तिथं ‘उच्चप्पडम’ असा शब्द आहे. मल्याळममध्ये ‘उच्च’ म्हणजे दुपार.

कामाची पद्धत सरळ होती. भाड्यानं घेतलेला एखादा बंगला, चार-पाच नट, मोजक्या दिवसांचं शूटिंग. नटीला पैसे रोजावर. करार वगैरे फारसा भाग नसे. सेन्सॉरकडून ‘ए’ सर्टिफिकेट घेऊन प्रिंट बाहेर पडली की काही ठिकाणी दुसरंच काम सुरू होई. सर्टिफिकेट मिळालेल्या रिळात मध्येच न दाखवलेला, न मंजूर झालेला तुकडा जोडायचा. मल्याळममध्ये त्याला ‘तुंडु’ म्हणतात, म्हणजे तुकडा. इंग्रजी शब्द ‘बिट’ही तितकाच रुळलेला. हा तुकडा बहुधा त्या सिनेमाचा नसेच, त्यातली बाईही वेगळी असे. तपासणीला कोणी येण्याची शक्यता असेल त्या दिवशी तो डब्यात राहायचा. सर्टिफिकेट मिळाल्यावर सिनेमात असा फेरबदल करणं १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यानं गुन्हा आहे. तो गुन्हा करणारे प्रदर्शक, वितरक. ओळखलं गेलं ते मात्र पडद्यावर चेहरा असलेल्या बाईला. शकीला यांनी अनेक मुलाखतींत सांगितलं आहे की काही दृश्यांत त्यांचा फक्त चेहरा आहे, देह दुसऱ्या बाईचा. ती दुसरी बाई कोण, तिला काय मिळालं, हे विचारायची तसदी कुणी घेतली नाही. या सगळ्या इतिहासात सगळ्यात खालच्या पायरीवर तीच उभी आहे, आणि तिचं नावसुद्धा आपल्यापर्यंत पोचलेलं नाही.

पोस्टरवर कोणाचं नाव

हे सिनेमे महाराष्ट्रातही आले, हिंदीत डब होऊन. आमच्या तालुक्याच्या गावी एकच टॉकीज होतं. चौकातल्या फळीवर चालू हिंदी सिनेमाचं पोस्टर असायचं आणि एसटी स्टँडमागच्या भिंतीवर सकाळच्या खेळाचं. पोस्टर लावणारा माणूस सायकलवरून खळीचा डबा घेऊन यायचा, जुन्या कागदावरच नवा कागद थापायचा आणि ओल्या हातानं सुरकुत्या काढायचा. त्या भिंतीवर कागदांचा इतका जाड थर साचला होता की कोपरा सुटला की पाच-सहा सिनेमे एकदम लोंबायचे.

शाळेत जाताना त्या भिंतीवरून जावं लागे. मुली पलीकडच्या बाजूनं जात. मला आठवतं ते अक्षरांचं माप. गोलातला ‘ए’ सगळ्यात मोठा. त्याखाली नटीचं नाव. सिनेमाचं नाव त्याहून लहान. निर्माता, दिग्दर्शक, कॅमेरामन यांची नावं इतकी बारीक की भिंतीला नाक लावल्याशिवाय वाचता येत नसत, आणि त्या भिंतीला नाक कोण लावणार? टॉकीजचा मालक गावातला प्रतिष्ठित माणूस होता. गणेशोत्सवाची पावती त्याच्याकडे पहिली फाडली जायची. खेळाला जाणारे पुरुष दिवे गेल्यावर आत शिरत आणि दिवे लागण्याआधी बाहेर पडत. दिवसभर त्या भिंतीवर राहायची ती एकटी नटी.

आता या प्रकरणाची आर्थिक साखळी मांडून बघा. पैसा लावणारा निर्माता, प्रिंटा फिरवणारा वितरक, थिएटर वाचलेला मालक, तिकीट काढणारा प्रेक्षक. केरळात सिनेमाच्या तिकिटावरचा करमणूक कर स्थानिक स्वराज्य संस्था घेतात, म्हणजे या प्रत्येक तिकिटातला वाटा त्या त्या गावच्या पंचायतीत, नगरपालिकेत गेला. त्यातून दिवे लागले असतील, गटारं बांधली गेली असतील. तो पैसा कुणी वेगळा काढून ठेवला नाही. ‘ए’ सर्टिफिकेटही सरकारनंच दिलेलं. म्हणजे राज्य, बाजार आणि समाज तिघांनी या धंद्याला हात लावला. हात धुवायची सोय फक्त एकीलाच नव्हती. जवळ काय राहिलं, असं विचारलं की शकीला सांगतात की कमावलेला पैसा त्यांच्या हाती राहिला नाही.

दोन घटना, एकच इमारत

मॉलची बाजू नीट समजून घ्यायला हवी, कारण ती बिनबुडाची नाही. त्याच्या दोनच महिने आधी, सप्टेंबर २०२२ मध्ये, त्याच मॉलमध्ये दुसऱ्या एका मल्याळम सिनेमाच्या प्रसिद्धीचा कार्यक्रम झाला होता. बाहेर पडताना गर्दीतल्या पुरुषांनी दोन नट्यांच्या अंगाला हात लावले. एकीनं त्या माणसाला मारायला हात उगारला, तो व्हिडिओ देशभर फिरला. दोघींनी जाहीरपणे सांगितलं, पोलिसांत गुन्हा दाखल झाला, फुटेज तपासलं गेलं. पाहणाऱ्या सगळ्यांचा राग योग्य ठिकाणी होता: गर्दीतल्या त्या हातांवर.

हे डोक्यात ठेवून नोव्हेंबरकडे बघितलं की मॉलच्या व्यवस्थापकांची भीती खोटी वाटत नाही. पुन्हा तसं काही झालं तर नाव मॉलचंच येणार. मीही त्या खुर्चीत असते तर चार वेळा विचार केला असता.

पण दोन्ही वेळचा निष्कर्ष शेजारी ठेवा. सप्टेंबरमध्ये बायकांना धोका गर्दीपासून होता, असं सगळे म्हणाले. नोव्हेंबरमध्ये धोका म्हणजे ती बाईच, असं ठरलं. इमारत तीच, सरकते जिने तेच, गर्दीही त्याच शहरातली. बदलली ती फक्त पाहुणी. आणि ‘त्या नसतील तर चालेल’ या निरोपानं सुरक्षेच्या मुद्द्याचा अर्थच बदलून टाकला. सुरक्षेचा प्रश्न कार्यक्रमाचा असता तर कार्यक्रम पुढे ढकलला असता, वेळ बदलली असती, जागा बदलली असती. इथं एका व्यक्तीला वगळलं की प्रश्न सुटत होता. याला सुरक्षेची उपाययोजना म्हणता येत नाही.

करता काय आलं असतं? पुष्कळ. कार्यक्रम मोकळ्या मधल्या चौकात न घेता मॉलमधल्याच एखाद्या बंद जागेत, पास देऊन घेता आला असता. पाहुण्यांची ये-जा माल उतरवायच्या मागच्या दारानं, लोकांच्या वाटेपासून वेगळी ठेवता आली असती. आदल्या दिवशी पोलीस ठाण्याला पत्र, बायका-पुरुषांसाठी वेगळे कठडे, महिला पोलीस, आयोजकांकडून सुरक्षेचा खर्च आगाऊ. राजकीय सभेसाठी, क्रिकेटपटूच्या दुकानाच्या उद्घाटनासाठी हे सगळं आपल्या देशात रोज होतं. पुरुष नट आला की लोक झाडावर चढतात, काचा फुटतात, आणि तरी पुढच्या वेळी त्यालाच बोलावतात. गर्दी जितकी मोठी तितका त्याचा मान मोठा. शकीला यांच्या गर्दीला मात्र कुणी लोकप्रियता म्हणायला तयार नाही.

मॉल खाजगी मालमत्ता आहे, जागा कुणाला द्यायची हा त्यांचा अधिकार आहे, हे मला मान्य आहे. पण अधिकार असणं आणि दिलेलं कारण खरं असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. इथं दुसरीविषयी मला शंका आहे.

तमिळ घरातली अम्मा

या प्रकरणातला मला सर्वांत महत्त्वाचा वाटणारा धागा कोझिकोडच्या बाहेर आहे. ‘किन्नारत्तुंबिकळ’नंतर दोन-तीन वर्षांतच लाट ओसरली. सीडी आल्या, इंटरनेट आलं, मल्याळम मुख्य प्रवाह सावरला. शकीला यांनी तसले सिनेमे सोडले आणि छोट्या, बहुधा विनोदी भूमिका करायला लागल्या: २००२ चा तेलुगू ‘जयम’, २००७ चा मल्याळम ‘छोटा मुंबई’, ज्यात त्या शकीला म्हणूनच येतात. २०१३ मध्ये मल्याळममध्ये त्यांचं आत्मचरित्र आलं. डिसेंबर २०२० मध्ये त्यांच्या आयुष्यावरचा हिंदी सिनेमा आला, रिचा चढ्ढा यांनी ती भूमिका केली.

पण लोकांच्या मनात खरा बदल घडवला तो एका स्वयंपाकाच्या कार्यक्रमानं. विजय टीव्हीवरच्या ‘कुकू विथ कोमाळी’च्या दुसऱ्या पर्वात, २०२०-२१ मध्ये, लॉकडाऊननंतरच्या त्या दिवसांत, त्या स्पर्धक होत्या. तिथं प्रत्येक स्पर्धकाबरोबर एक विनोदी कलाकार जोडीला असतो, ज्याला स्वयंपाक येत नाही. ही तरुण मुलं त्यांना ‘अम्मा’ म्हणायला लागली. त्या चिडायच्या, हसायच्या, कुणी रडलं तर जवळ घ्यायच्या. त्या अंतिम फेरीपर्यंत गेल्या. तमिळनाडूतल्या घराघरांत, सासू-सुना-नातवंडं एकत्र बसून ज्या बाईला बघत होती, तिचं नाव त्याच घरात वीस वर्षांपूर्वी मोठ्यानं उच्चारता आलं नसतं. याच काळात, मार्च २०२१ मध्ये, त्या काँग्रेस पक्षातही गेल्या.

म्हणजे लोक बदलत नाहीत, हे खरं नाही. एका बाईला बोलताना, रागावताना, भाजी चिरताना बघायला मिळालं की लोक तिला माणूस म्हणून ओळखतात, आणि त्याला काही महिने पुरतात. कोझिकोडच्या त्या संध्याकाळीही हेच घडलं असतं. लोकांनी त्यांना अंगभर साडीत, हातात माइक घेऊन, एका नव्या मुलांच्या सिनेमाला शुभेच्छा देताना बघितलं असतं. ज्यांनी वीस-बावीस वर्षांपूर्वी अंधारात बघितलं, त्यांना त्या दिवशी उजेडात बघता आलं असतं. नेमकी ही संधी त्या निरोपानं घालवली.

गेलेल्यांना टाळ्या

सिल्क स्मिता यांच्याविषयी लिहिल्याशिवाय पुढे जाता येत नाही. आंध्रातल्या एलुरूजवळच्या गावातली विजयलक्ष्मी. शाळा लहानपणीच सुटली, मद्रासला आली, नट्यांच्या मेकअपला टच-अप करायचं काम करता करता पडद्यावर आली. ‘वंडिचक्करम’मधल्या भूमिकेचं नाव सिल्क, तेच तिला चिकटलं. ऐंशीच्या दशकात अशी वेळ होती की अडकून पडलेला सिनेमा वितरकानं उचलावा म्हणून त्यात सिल्कचं एक गाणं घालायचे. ‘मूंड्रम पिरै’ आणि त्याचा हिंदी अवतार ‘सदमा’ या दोन्हींत ती आहे, आणि तिचं काम नीट बघणाऱ्याला त्यात अभिनय दिसतो. २३ सप्टेंबर १९९६ ला चेन्नईत तिचा मृत्यू झाला. वय पस्तीस. त्याच्या वर्षभर आधी ‘प्लेगर्ल्स’ या तमिळ सिनेमात तिच्याबरोबर एक नवी मुलगी पहिल्यांदा पडद्यावर आली होती. ती शकीला.

कोझिकोडच्या घटनेनंतर अडीच-तीन महिन्यांनी, फेब्रुवारी २०२३ मध्ये, १९९५ चा ‘स्फटिकम’ नव्या प्रिंटमध्ये केरळात पुन्हा लागला. मोहनलाल यांच्याबरोबर त्यात सिल्क स्मिता आहे. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये ‘मार्क अँटनी’ या तमिळ सिनेमात तिच्यासारखी दिसणारी नटी आणि संगणकाचं तंत्र वापरून तिला पुन्हा पडद्यावर आणलं, आणि त्या दृश्याला थिएटरांत शिट्ट्या-टाळ्या पडल्या. तिच्यासाठी वाजलेल्या प्रत्येक टाळीचा मला आनंद आहे. पण जी गेली तिच्यासाठी जागा आहे, आणि जी दारात उभी आहे तिला दार बंद आहे, हे बघून जीव तुटतो. गेलेली बाई काही मागत नाही. जिवंत बाई खुर्ची मागते, माइक मागते, आणि आपण तेव्हा कुठे होतो याची आठवण करून देते.

मराठी माणसाला हे अनोळखी नाही. तमाशा आणि हे सिनेमे यांची तुलना मी करणार नाही; विठाबाई नारायणगावकरांची कला कुठल्या उंचीची होती हे सगळ्यांना माहीत आहे. पण त्या २००२ साली गेल्या तेव्हा उपचारांच्या पैशांचीसुद्धा ओढाताण होती, आणि त्यांच्या नावाचा शासनाचा जीवनगौरव पुरस्कार त्यानंतर सुरू झाला. नाचणाऱ्या बाईला फेटे उडवून दाद द्यायची आणि तिला भाड्यानं खोली द्यायची वेळ आली की मान फिरवायची, हे आपल्याही गावकीनं केलेलं आहे.

या सिनेमांचा आणखी एक ठसा महाराष्ट्रावर उरला आहे, आणि तो बोलण्यात आहे. मुंबई-पुण्याच्या रुग्णालयांत मल्याळी परिचारिकांनी दोन-तीन पिढ्या आपल्या लोकांची सेवा केली. तरी ‘मल्लू’ हा शब्द आपल्याकडच्या तरुण पुरुषांच्या गप्पांत कुठल्या अर्थानं येतो, हे सांगायला नको. एका दशकातल्या दुपारच्या खेळांनी अख्ख्या प्रांतातल्या बायकांवर हा शिक्का मारला, आणि तो मारणारे हात आपलेही होते. आज तीच माणसं मोबाइलवर मल्याळम सिनेमे सबटायटलं वाचून बघतात आणि त्यांची तोंडभरून स्तुती करतात. शब्द मात्र तसाच आहे.

पुढे काय झालं

‘नल्ल समयम’ ३० डिसेंबर २०२२ ला लागला. ट्रेलरमधल्या अमली पदार्थांच्या दृश्यांवरून उत्पादन शुल्क खात्यानं दिग्दर्शकावर गुन्हा नोंदवला आणि चार-पाच दिवसांत सिनेमा थिएटरांतून काढून घेतला गेला. त्या वादात शकीला यांचं नाव कुठेच नव्हतं. मॉलच्या दारात ज्यांची हजेरी धोक्याची ठरली होती, त्यांच्यामुळे त्या सिनेमावर कसलंही संकट आलं नाही.

२०१७ मध्ये मल्याळम चित्रपटसृष्टीतल्या बायकांच्या स्थितीचा अभ्यास करायला न्यायमूर्ती हेमा समिती नेमली गेली. २०१९ च्या अखेरीस तिनं अहवाल दिला आणि ऑगस्ट २०२४ मध्ये तो, काही भाग झाकून, लोकांसमोर आला. नाव नसलेल्या कितीतरी बायकांनी त्या समितीसमोर तोंड उघडलं होतं. तो वाचताना मला राहून राहून ती देह उसना देणारी बाई आठवत होती, बंगल्यात रोजावर आलेली, जिचा चेहरा कॅमेऱ्यानं मुद्दाम टाळला.

त्या दिवशीच्या व्हिडिओत शकीला यांनी आणखी एक गोष्ट सांगितली होती. कोझिकोडमधून त्यांना कितीतरी लोकांचे निरोप येत होते, की तुम्ही आमच्याकडे या. त्यांना यायचं होतं.